शाल, नारळ आणि वॉर्ड नंबर चार

“ही आपली असेल का गं?”

“छे! आपली असती तर एव्हाना हसली असती.”

“गुजराथी असेल.”

“मग तर नक्कीच हसली असती. ही कोणीतरी वेगळीच आहे. तू बोल बिनधास्त.”

मी काउंटरच्या अलीकडे, त्या दोघी पलीकडे, आणि मध्ये हातभर रुंदीची लाकडी फळी. माझ्या हातात तारखेचा शिक्का होता. तो मी जरा जास्तच मन लावून कागदावर टेकवला. दोघींपैकी ज्या उंच होत्या, त्यांना सिटी कौन्सिलच्या निवडणुकीला उभं राहण्याचा अर्ज हवा होता. स्वतःसाठी नाही, नवऱ्यासाठी.

“यांच्या एकदा डोक्यात शिरलं की शिरलं,” त्या मैत्रिणीला सांगू लागल्या. “मंडळ झालं, योगवर्ग झाला, आता सिटी कौन्सिल. आप्पांचं पथ्य, औषधं मी बघायची आणि हे निघाले वॉर्ड सुधारायला. तुला आत्ताच सांगते, मी काही यांना मत देणार नाहीये.”

“अगं, हळू!”

“कशाला हळू? हिला काय कळतंय?”

मी अर्ज पुढे सरकवला आणि इंग्रजीत सांगितलं की पन्नास सह्या लागतील, सह्या करणारे वॉर्ड नंबर चारचे नोंदलेले मतदारच हवेत. त्यांनी ‘थँक यू सो मच’ म्हटलं. दाराशी पोचल्यावर मैत्रिणीला म्हणाल्या, “पोरगी हुशार आहे. शिष्ट आहे, एवढंच.”

ही २००५ सालच्या उन्हाळ्यातली गोष्ट. मॅसॅच्युसेट्समध्ये, श्रूजबरीपासून फार लांब नसलेल्या एका लहान शहरात मी सिटी क्लार्कच्या ऑफिसात नोकरी करत होते. शहराचं नाव सांगत नाही, कारण या लेखातली निम्मी माणसं हा दिवाळी अंक विकत घेतात.

सिटी क्लार्कचं ऑफिस म्हणजे काय, हे आपल्या लोकांना समजावणं कठीण जातं. माझ्या बाबांनी न्यू जर्सीतल्या मित्रांना मी ‘गव्हर्नमेंटमध्ये’ आहे असं सांगून टाकलं होतं. त्यामुळे एक काका व्हिसा अडकला की मला फोन करायचे. प्रत्यक्षात आमच्याकडे जन्म, मृत्यू, लग्न आणि कुत्रे यांची नोंद असे. माणसाच्या आयुष्यात जे जे घडतं ते आमच्या कपाटात होतं, तो सुखी होता की नाही एवढं सोडून. कुत्र्याचं लायसन्स दर वर्षी नवं करावं लागतं, लग्नाचं एकदाच. त्यामुळे कुत्रेवाल्यांशी आमची ओळख जास्त. आणि दर दोन वर्षांनी शहराच्या निवडणुका. अर्ज देणं, सह्या तपासणं, मतपत्रिका छापून घेणं, मतदान केंद्रांवर माणसं बसवणं, सगळं आमच्याच गळ्यात.

माझी बॉस बार्ब. तीच सिटी क्लार्क. पहिल्याच दिवशी तिने मला नियम सांगितला होता. “विचारलं तर सगळं सांगायचं. विचारलं नाही तर हवापाण्यावरसुद्धा बोलायचं नाही. या फळीशी आज एक उमेदवार येतो, उद्या त्याचा विरोधक येतो. दोघांनाही तू त्यांची वाटता कामा नये.”

हा नियम जणू माझ्यासाठीच केला होता. मी मुळात बोलणारी नव्हे. पुण्यात कॉन्व्हेंटमध्ये शिकले, तिथे आम्हाला ‘लोअर मराठी’ नावाचा विषय होता. नंतर अमेरिकेतल्या शाळेत माझं इंग्रजी ऐकून मुलं हसायची. अशा रीतीने दोन्ही भाषांमध्ये गप्प बसायची उत्तम सवय झाली. गावात महाराष्ट्र मंडळ आहे हे मला माहीत होतं, आणि मी त्या वाटेला जात नव्हते. हा लेखही त्या लोअर मराठीतच लिहिते आहे. वरचं काय ते संपादकांनी बघून घ्यावं.

उंच बाईंचं नाव शैला काकू, हे मला त्यांचे यजमान विनायक काका सह्यांचे कागद घेऊन आले तेव्हा कळलं. काका साठीच्या जवळ आलेले, इंजिनियर, टाय लावून आले होते. बरोबर त्यांचे वडील, आप्पा. डोक्यावर काळी टोपी, पायात पांढरेशुभ्र स्पोर्ट्स शूज. आप्पा सहा महिन्यांसाठी नागपूरहून आले होते.

पन्नास सह्या मागितल्या होत्या, काकांनी दीडशेच्या वर आणल्या. बार्ब खूश झाली, मग आम्ही तपासायला बसलो. तपासायचं म्हणजे एकेक नाव मतदारांच्या यादीशी ताडून बघायचं, नसेल तर लाल पेन्सिलने रेघ. थोड्याच वेळात कागद लाल झाले. बरेचसे लोक एच-वन व्हिसावर. बरेचसे ग्रीन कार्डवाले, म्हणजे अजून नागरिक नव्हेत. काही शेजारच्या गावातले. एक जोडपं तर शिकागोजवळच्या शॉमबर्गहून आठवडाभर पाहुणे म्हणून आलेलं, त्यांनीही जाता जाता सही ठोकली होती.

“पण हे सगळे आमचेच आहेत,” काका बार्बला इंग्रजीत म्हणाले.

“तुमचे असतील. वॉर्डाचे नाहीत,” बार्ब म्हणाली.

शेवटी मोजून काठावर पास झाले. आप्पा इतका वेळ टोपी मांडीवर घेऊन बसले होते. आपल्या वळणदार सहीवर लाल रेघ बघून ते काकांना म्हणाले, “विनू, माझी सही का खोडली, विचार त्या पोरीला. शाळेत होतो तेव्हापासून एकच सही आहे माझी.”

काकांनी मला इंग्रजीत विचारायला तोंड उघडलं. पण ऐंशी वर्षांच्या माणसाने विचारलं होतं, आणि नियम होता, विचारलं तर सांगायचं.

“आप्पा, सही छान आहे,” मी म्हणाले. “पण तुम्ही इथे पाहुणे. इथे घरच्यांचीच सही चालते.”

काकांचा टाय हलला. “तू मराठी आहेस?”

“हो.”

“मग माझी बायको आली होती तेव्हा...”

“त्यांनी विचारलं नाही.”

त्या संध्याकाळी काकांच्या घरी काय झालं ते मला ठाऊक नाही. दुसऱ्या दिवशी शैला काकू एकट्या आल्या, डब्यात शंकरपाळे घेऊन. इकडेतिकडे बघून हळूच म्हणाल्या, “त्या दिवशी मी काहीबाही बोलले असेन, गं.”

“काउंटरवरचं काउंटरवर राहतं, काकू,” मी म्हणाले. शंकरपाळे मात्र परत केले. निवडणुकीच्या हंगामात आम्हाला काही घेता येत नाही. हे मी त्यांना सांगितलं तेव्हा त्यांचा माझ्याविषयीचा शिष्टपणाचा संशय कायमचा पक्का झाला.

आता काका उभे का राहिले ते सांगायला हवं. ते, आप्पा आणि आपली पंधरा-वीस घरं क्वॉरी रोडवर राहत. चढाचा, वळणावळणाचा रस्ता, दोन्ही बाजूंना मोठी झाडं. तेव्हा तिथे फुटपाथ नव्हता. उन्हाळ्यात आपल्या लोकांचे आईवडील येत आणि सकाळ-संध्याकाळ रस्त्याच्या कडेने चालत. नऊवारीवर कार्डिगन, धोतरावर स्पोर्ट्स शूज. गाड्या हॉर्न देत, वळणावर ब्रेक करकचत. एकदा एका गाडीच्या आरशाने आप्पांची टोपी उडवली. पुढच्या आठवड्यात पोलिसाने गाडी थांबवून ‘सर, तुम्ही हरवला आहात का?’ असं विचारलं. आप्पांनी त्याला नागपुरी हिंदीत भला मोठा खुलासा केला, त्यावर तो त्यांना गाडीत घालून घरी सोडून गेला. त्या दिवसापासून काकांनी आप्पांचं बाहेर चालणं बंद केलं.

“मला खिडकीत कुंडीसारखं ठेवलंय,” आप्पा मला म्हणाले होते. “फेब्रुवारीत जाईन तो जाईन. पुन्हा नाही यायचा मी या कुंडीत.”

म्हणून काकांनी ठरवलं की कौन्सिलवर आपला माणूस हवा. आपला माणूस म्हणजे अर्थात ते स्वतः.

वॉर्ड चारच्या नगरसेविका होत्या मिसेस फॉली. बारा वर्षं निवडून येत होत्या. आधी शाळेची बस चालवायच्या, आणि अजून बस चालवत असल्यासारख्याच बोलायच्या, म्हणजे शेवटच्या सीटपर्यंत ऐकू जाईल असं. त्यांचा ऑस्कर नावाचा कुत्रा आमचा नियमित ग्राहक होता. मिसेस फॉली दर वर्षी कौन्सिलमध्ये क्वॉरी रोडच्या फुटपाथचा ठराव मांडत आणि दर वर्षी तो पडे, कारण बाकीचे म्हणत, त्या रस्त्यावर कोण चालतं? आणि चालणाऱ्यांपैकी एकही माणूस कधी सभेला आलेला नसे. हे सगळं सभांच्या इतिवृत्तात लिहिलेलं होतं, आणि इतिवृत्त कोणालाही वाचायला मिळतं. काकांनी मागितलं नाही. मिसेस फॉलींनीही कधी विचारलं नाही की हे नवे उमेदवार कशासाठी उभे आहेत. एकाच फुटपाथसाठी दोघं एकमेकांविरुद्ध उभे होते, आणि दोघांच्या मध्ये ती हातभर फळी आणि मी.

मराठी येते हे उघड झाल्यावर माझी सुटका नव्हती. गणपतीत काकांचा फोन आला. मंडळ मिसेस फॉलींचा सत्कार करणार होतं, आणि त्यांच्या शेजारी बसून भाषणाचं इंग्रजी करायला कोणीतरी हवं होतं.

“सत्कार? पण त्या तुमच्याविरुद्ध उभ्या आहेत, काका.”

“म्हणूनच तर,” काका म्हणाले.

इथे आपल्या मंडळांची एक पद्धत समजून घ्यायला हवी. आपल्याकडे अध्यक्षाला ‘आता पुरे’ असं कोणी म्हणत नाही. त्याचा सत्कार करतात. स्टेजवर बोलावून शाल घालतात, हातात नारळ देतात, दोन माणसं त्याच्या कार्याचा आढावा घेतात. आढावा ऐकता ऐकता त्याच्या लक्षात येतं की आपण संपलो. दुसऱ्या दिवशी तो आपण होऊन राजीनामा देतो आणि निवडणूक बिनविरोध होते. भांडण नाही, कटुता नाही. विनायक काकांना दोन वर्षांपूर्वी मंडळाने तशीच शाल घातली होती, आणि त्यांना ती बरोबर कळली होती. खरं तर त्या शालीमुळेच ते सिटी कौन्सिलकडे वळले.

मी बार्बला विचारलं, जाऊ का? तिने आधी नारळाची किंमत विचारली. उमेदवाराने माघार घ्यावी म्हणून काही देणं हा गुन्हा आहे.

“पण माघार घ्या असं कोणी म्हणणार आहे का?” तिने विचारलं.

“नाही. तसं म्हणायचंच नसतं.”

बार्ब म्हणाली, “मग जा. ते बोलतील तेवढंच सांग. पदरचं काही घालू नकोस.”

शाळेचा हॉल भाड्याने घेतला होता. मिसेस फॉली गुलाबी सूट घालून आल्या. मी त्यांच्या शेजारी, मान खाली घालून. काका बोलायला उभे राहिले.

“बारा वर्षं त्यांनी या वॉर्डासाठी देह झिजवला,” काका मराठीत म्हणाले. मी कुजबुजले की तुम्ही बारा वर्षं खूप काम केलं. मिसेस फॉलींनी मान हलवली. “आता त्यांनी नातवंडांत रमावं, आणि पुढच्या फळीला तोंड भरून आशीर्वाद द्यावेत.” मी तेही शब्दाला शब्द सांगितलं.

“अर्थात! माझे आशीर्वाद आहेतच!” मिसेस फॉली शेवटच्या रांगेला ऐकू जाईल असं म्हणाल्या. टाळ्या झाल्या. मंडळाला वाटलं, बाईंनी माघार जाहीर केली.

मग शाल आली. जांभळी, जरीच्या काठाची. काकूंनी ती त्यांच्या खांद्यावर घातली, काकांनी नारळ दिला. मिसेस फॉलींनी नारळ कानाशी नेऊन हलवून बघितला आणि माझ्या कानात विचारलं, “हे कशासाठी असतं?”

विचारलं तर सांगायचं. पण काय सांगायचं? मी म्हणाले, “मोठ्या मानाच्या माणसाला देतात.” ते खरंच होतं. अर्धंच होतं, पण खरं होतं. त्यांचे डोळे भरून आले. मान वर केली तर पहिल्या रांगेत काकूंची ती मैत्रीण माझ्याकडे टक लावून बघत होती. काउंटरवरची मुलगी आठवत असावी.

नाव मागे घ्यायची मुदत त्यानंतरच्या शुक्रवारी पाच वाजता संपत होती. काका दुपारपासून ऑफिसातल्या बाकावर येऊन बसले, बरोबर काकू आणि पेढ्यांचा बॉक्स. दर थोड्या वेळाने ते विचारत, “घेतलं का?” आणि मी सांगत असे, “नाही.”

पाचला काही मिनिटं असताना दार उघडलं. मिसेस फॉली, खांद्यावर जांभळी शाल, हातात ऑस्करची साखळी. काका उठून उभेच राहिले. शाल पांघरून आल्या म्हणजे कळलेलं दिसतंय, असं समाधान त्यांच्या चेहऱ्यावर मला वाचता आलं.

“मला एक विचारायचं होतं,” मिसेस फॉली फळीवर कोपर टेकून मला म्हणाल्या. “या शालीत फोटो काढून प्रचाराच्या पत्रकावर छापला तर चालेल का? काही नियम आहे?”

“नियम नाही,” मी म्हणाले.

मग त्यांना काका दिसले. त्यांनी दोन्ही हातांनी काकांचा हात धरला. “बारा वर्षांत माझ्या एकाही विरोधकाने माझ्यासाठी दार उघडून धरलं नव्हतं. आणि तुम्ही सगळ्या समाजासमोर माझा मान केलात! असा प्रतिस्पर्धी मिळायला भाग्य लागतं.”

काका माझ्याकडे वळले आणि दातांतल्या दातांत म्हणाले, “गौरी, अगं सांग ना हिला, शाल घातली म्हणजे काय ते!”

“मी उमेदवाराला माघार घ्या म्हणून नाही सांगू शकत, काका. नोकरी जाईल. तुम्ही सांगा.”

काकांनी मिसेस फॉलींकडे बघितलं. बाईंचा चेहरा आनंदाने गुलाबी झाला होता. अशा माणसाला तोंडावर ‘तुम्ही जा’ असं म्हणणं काकांना जमणारच नव्हतं. ते जमत असतं तर आपण शालीचा शोध कशाला लावला असता? त्यांनी पेढ्यांचा बॉक्स उघडून पुढे धरला. मिसेस फॉलींनी अर्धा पेढा खाल्ला, अर्धा ऑस्करला दिला. घड्याळात पाच वाजले. मी शिक्का खाली ठेवला. काकू खिडकीबाहेर बघत होत्या, आणि त्यांचे खांदे हलत होते. हसू दाबायचा त्यांचा प्रयत्न मात्र माझ्याइतका सफाईचा नव्हता.

पुढचे दोन महिने मिसेस फॉली त्या शालीत क्वॉरी रोडवर दारोदार फिरल्या. सगळ्यांनी त्यांना घरात घेऊन चहा पाजला, कारण मंडळाने सत्कार केलेल्या बाईला दारात उभं कसं ठेवणार? त्या आप्पांशी तासभर बोलत बसत. आप्पा मराठीत, त्या इंग्रजीत. दोघांचाही आवाज मोठा. मी एकदा काकूंना विचारलं, हे काय बोलतात? काकू म्हणाल्या, “वाहतुकीबद्दल असावं. दोघंही हाताने वळण दाखवत होते.”

मतदानाच्या दिवशी बार्बने मला वॉर्ड चारच्या केंद्रावर बसवलं. शाळेची जिम, एका कोपऱ्यात पालकांनी मांडलेला केकचा स्टॉल. आमच्या राज्यात मतदार ओळखपत्र काढत नाही, आधी रस्ता सांगतो, मग घर नंबर, मग नाव. आम्ही ते मोठ्याने पुन्हा म्हणायचं आणि यादीत खूण करायची. मोठ्याने, म्हणजे कोणाला हरकत घ्यायची असेल तर घेता यावी. दिवसभर मोठ्याने बोलायचं म्हणून मी आदल्या रात्री घरी आरशासमोर सराव केला होता. पहिल्या तीन नावांना बार्ब म्हणाली, “केकवाल्या बाईंना ऐकू गेलं पाहिजे.” दहाव्या नावाला केकवाल्या बाईंनी मान वर केली. दुपारपर्यंत माझा आवाज मलाच ओळखू येईना.

आणि एक मला तेव्हा प्रथमच जाणवलं. ‘क्वॉरी रोड’ असं म्हणून माणूस त्यापुढे आपलं नाव सांगतो, तेव्हा तो जरा ताठ होतो. मंडळात सगळे कुणाचे कोण, कुठल्या गावचे. इथे आधी रस्ता.

शैला काकू आल्या. रस्ता, घर, नाव. मी मोठ्याने म्हटलं. त्यांनी माझ्या डोळ्यांत बघितलं, मी यादीतल्या रेघेकडे. मग त्या पडद्याआड बराच वेळ होत्या. एका खुणेला लागतो त्यापेक्षा फारच जास्त.

बाहेर, प्रचाराला परवानगी असलेल्या अंतरावर, काका फलक घेऊन उभे होते. समोर मिसेस फॉली. आप्पा येणाऱ्याजाणाऱ्याला नमस्कार करत होते. दुपारी वारा सुटला तेव्हा मिसेस फॉली आपल्या गाडीतून घडीची खुर्ची घेऊन आल्या आणि आप्पांना बसवून कॉफी दिली.

“आप्पा, त्या आपल्या विरोधक आहेत,” काका म्हणाले.

“असतील,” आप्पा म्हणाले. “खुर्ची त्यांनीच आणली.”

काका हरले. लाज वाटावी असे नाही, पण हरले. गाडी लावायच्या जागेत त्यांनी मला गाठलं. शेजारी काकू आणि आप्पा.

“आपल्याच लोकांनी दगा दिला. तुला कळतं ना, कोणी कोणाला दिलं?”

“नाही काका. कोण आलं ते कळतं. कोणाला दिलं ते कोणालाच कळत नाही.”

“मग कोण आलं ते सांग.”

ती यादी उघड असते, म्हणून मी सांगितलं. मंडळाचे कार्यवाह आले नव्हते. खजिनदार शेजारच्या गावात राहत. सत्कारात सर्वांत जोराने टाळ्या वाजवणारी अख्खी रांग अजून नागरिकत्वाच्या रांगेत होती. काका गाडीला टेकून उभे राहिले. “म्हणजे आपण आहोत तरी किती?” त्यांनी विचारलं. याचं उत्तर मला माहीत होतं, पण तेवढं एक मी विचारल्यावरही सांगितलं नाही. काकू आभाळात बघत होत्या.

जानेवारीत मिसेस फॉलींनी फुटपाथचा ठराव पुन्हा मांडला. या वेळी खुली सुनावणी ठेवली, म्हणजे कोणीही येऊन तीन मिनिटं बोलावं. बाहेर बर्फ होतं, तरी क्वॉरी रोडची माणसं आली. आप्पांनी हट्ट धरला होता, त्यामुळे काका आले. आप्पांच्या जाण्याला तीन आठवडे उरले होते, आणि काकूंनी मला सांगितलं होतं की आप्पांनी इथले स्पोर्ट्स शूज बॅगेत भरलेलेच नाहीत. “म्हणतात, नागपुरात चपला पुरतात. म्हणजे परत यायचंच नाही त्यांना.”

मी कोपऱ्यातल्या टेबलाशी इतिवृत्त लिहायला बसले होते. माझ्यापुढेही एक माइक असे, पण तो फक्त ठराव वाचायच्या वेळी बार्ब वापरायची. त्या दिवशी बार्ब सर्दीने घरी होती.

मिसेस फॉली शाल सावरून बोलल्या. मग एक सदस्य उठले. “मी त्या रस्त्याने रोज गाडीने जातो. गेल्या काही महिन्यांत मला तिथे एक माणूस चालताना दिसलेला नाही. आपण फुटपाथ बांधणार कोणासाठी?”

दिसणार कसा? चालणारा माणूस खिडकीत बसवलेला होता. काकांनीच बसवला होता. मी पेन उचलून काकांकडे बघितलं. त्यांनी हाताची घडी घातली होती. “तिचा ठराव आहे,” ते पुटपुटले, “ती बघेल.” काकूंनी कोपराने ढोसलं. काका हलले नाहीत. मंडळाची सगळी रांग काकांकडे बघत होती. काका उठल्याशिवाय कोणी उठणार नव्हतं, आणि हरलेला माणूस जिंकलेल्या बाईच्या मदतीला कसा उठणार? त्यासाठी आपल्याकडे कुठलीच शाल नाही. आप्पा काकांकडे बघत नव्हते. ते टोपी मांडीवर घेऊन बसले होते, पहिल्या दिवशी आमच्या ऑफिसात बसले होते तसेच.

“वॉर्ड चारमधून कोणाला बोलायचं आहे?” कौन्सिलच्या अध्यक्षांनी विचारलं.

काकूंनी पुन्हा ढोसलं.

“कोणालाच नाही?” त्यांनी हातोड्याकडे हात नेला.

विचारलं तर सांगायचं, हा आमचा नियम. पण प्रश्न मला विचारलेला नव्हता, आणि मी तिथे बोलणं नियमात बसत नव्हतं. पुढे जे झालं ते त्या सभेच्या इतिवृत्तात कुठेही सापडणार नाही. इतिवृत्त मीच लिहीत होते. मी माइकचं बटण दाबलं, छोटा लाल दिवा लागला, आणि केकवाल्या बाईंनाही ऐकू जाईल अशा आवाजात, सिटी कौन्सिलच्या सभागृहात, मराठीत म्हणाले,

“काका, उठा. आधी रस्ता, मग घर नंबर, मग नाव.”